स्क्रीनशॉट, संगणकीय खेळांतील

संगणकावर खेळ चालू असताना पडद्यावर दिसणाऱ्या दृश्याचा एक क्षण स्थिर चित्राच्या रूपाने साठवून ठेवण्याच्या क्रियेस व त्या क्रियेने मिळणाऱ्या चित्रास स्क्रीनशॉट असे म्हणतात. बोलण्यात त्यास ‘पडद्याचा फोटो’ म्हटले जाते. तथापि छायाचित्र व स्क्रीनशॉट यांत मूलभूत फरक आहे. छायाचित्रात वस्तूवरून आलेला प्रकाश भिंगातून जाऊन संवेदनशील पृष्ठभागावर पडतो व तेथे आपली खूण ठेवतो. स्क्रीनशॉटमध्ये प्रकाशाचा संबंध येतच नाही. पडद्याकडे पाठविण्यासाठी संगणकाने आपल्या स्मृतीत ज्या संख्या मांडून ठेवलेल्या असतात त्यांची ती नक्कल असते. त्या संख्यांपासून पडद्यावर प्रत्यक्षात काय उमटले व खेळाडूच्या डोळ्यास काय दिसले, याची नोंद त्यात नसते. त्यामुळे नक्कल तंतोतंत असूनही ती पाहिलेल्या दृश्याशी जुळत नाही, असे अनेकदा घडते. संगणकीय खेळांच्या इतिहासाचे साधन, जाहिरातीतील पुरावा किंवा निव्वळ स्मरणचिन्ह म्हणून स्क्रीनशॉटचा उपयोग करताना ही गोष्ट ध्यानात घ्यावी लागते.

चित्राची घडण : पडद्यावरील चित्र बारीक ठिपक्यांच्या आडव्या-उभ्या ओळींचे बनलेले असते. या ठिपक्यास चित्रबिंदू किंवा पिक्सेल म्हणतात. १,९२० × १,०८० या सर्वत्र आढळणाऱ्या मापाच्या पडद्यावर २०,७३,६०० चित्रबिंदू असतात. प्रत्येक चित्रबिंदूसाठी तांबडा, हिरवा व निळा या तीन रंगांची तीव्रता दर्शविणाऱ्या तीन संख्या लागतात. प्रत्येक संख्येस एक बाइट धरल्यास एका चित्रासाठी ६२,२०,८०० बाइट इतकी जागा खर्ची पडते. स्मृतीच्या ज्या भागात या संख्या ओळीने मांडलेल्या असतात त्यास फ्रेम बफर किंवा चित्रस्मृती म्हणतात.

खेळातील चित्र सतत बदलत असते; सामान्यतः सेकंदास ३० ते ६० आणि वेगवान यंत्रावर त्याहूनही अधिक नवी चित्रे तयार होतात. अर्धवट रंगविलेले चित्र दिसू नये म्हणून चित्रस्मृतीचे दोन भाग केलेले असतात. एका भागातील पूर्ण चित्र पडद्याकडे जात असताना दुसऱ्या भागात पुढचे चित्र रंगविले जाते आणि ते पुरे होताच दोन्ही भाग आपापली कामे बदलतात. स्क्रीनशॉट घेणे म्हणजे यांपैकी पूर्ण झालेल्या चित्राच्या संख्या उचलून त्या फाइलमध्ये लिहिणे. हे काम तत्त्वतः अगदी सोपे आहे. अडचण असते ती त्या संख्या कोणाच्या ताब्यात आहेत व त्या वाचण्याची मुभा कोणास आहे, या बाबतीत. चित्र खेळाची आज्ञावली तयार करते. पडद्यावरील जागेची वाटणी संगणकाची परिचालन प्रणाली करते. आणि प्रत्यक्ष रंगकाम आलेखी पत्र, म्हणजे ग्राफिक्स कार्ड, करते. या तिघांचे संबंध जसजसे बदलत गेले तसतशा स्क्रीनशॉट घेण्याच्या रीतीही बदलल्या.

पूर्वपीठिका : आरंभीच्या खेळांचा स्क्रीनशॉट घेणे शक्यच नव्हते, कारण नक्कल करावी असे चित्र यंत्रात कोठेही साठविलेले नसे. स्टीव्ह रसेल व त्याचे सहकारी यांनी १९६२ मध्ये अमेरिकेतील मॅसॅचूसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेत पीडीपी-१ या संगणकासाठी ‘स्पेसवॉर’ हा खेळ तयार केला. या संगणकाला जोडलेल्या ऋण किरण नलिकेच्या पडद्यावर १,०२४ × १,०२४ स्थाने होती व आज्ञावली त्यांतील एकेक स्थान सांगून तेथे एकेक प्रकाशबिंदू उमटवीत असे. बिंदू विझू लागण्यापूर्वी तो पुन्हा उमटविला जाई. दोन अवकाशयाने, मधला तारा व भोवतालचे नक्षत्रांकित आकाश हे सर्व ‘चित्र’ केवळ पडद्यावरील चमकणाऱ्या लेपात आणि पाहणाऱ्याच्या डोळ्यात अस्तित्वात होते. या खेळाच्या त्या काळातील दृश्यनोंदी कॅमेऱ्यानेच घेतलेल्या आहेत.

चित्रस्मृती असलेली यंत्रे घरोघरी आल्यावरही बराच काळ कॅमेरा हेच साधन राहिले, कारण चित्र साठविण्यास घरगुती यंत्रात दुसरी जागा नसे. नियतकालिकांसाठी पडद्याची छायाचित्रे घेणारे लोक खोली पूर्ण अंधारी करीत, कॅमेरा तिपाईवर घट्ट बसवीत आणि झडप बराच वेळ, सु. १/८ सेकंद किंवा त्याहूनही अधिक, उघडी ठेवीत. ऋण किरण नलिकेतील शलाका पडदा वरून खाली रेघारेघांनी रंगविते व अमेरिकी पद्धतीत त्यासाठी सु. १/६० सेकंद लागतो. झडप त्याहून लवकर मिटली, तर पडद्याचा काही भागच छायाचित्रात येतो व उरलेल्या जागी काळी पट्टी दिसते. उलट झडप फार वेळ उघडी राहिली, तर हलणारी वस्तू पुसट होते. म्हणून खेळ थांबविता येत असेल तर थांबवून, नाहीतर खेळणाऱ्याने एखाद्या क्षणी स्थिर राहून, हे काम साधावे लागे. काच फुगीर असल्याने चित्राच्या कडाही वाकड्या येत.

तरीही या छायाचित्रांना पुराव्याचे मोल होते. ॲक्टिव्हिजन या अमेरिकी कंपनीने १९८० नंतरच्या काही वर्षांत आपल्या खेळांत ठरावीक गुणसंख्या गाठणाऱ्यास कापडी बिल्ला देण्याची योजना चालविली होती. त्यासाठी गुणसंख्या दिसत असलेल्या दूरचित्रवाणी पडद्याचे छायाचित्र टपालाने पाठवावे लागे. डेव्हिड क्रेनने तयार केलेल्या ‘पिटफॉल’ (१९८२) या खेळात त्यासाठी २०,००० गुण लागत. आपण केलेला पराक्रम दुसऱ्यास दाखविण्याची ही ओढ पुढे स्क्रीनशॉटच्या प्रसारामागेही कायम राहिली.

कळ व आज्ञा : आयबीएम कंपनीच्या १९८१ च्या वैयक्तिक संगणकाच्या कळफलकावर ‘प्रिंट स्क्रीन’ या अर्थाची कळ होती. ती शिफ्ट कळीबरोबर दाबली असता पडद्यावरील अक्षरे थेट मुद्रकाकडे जात. म्हणजे कळीचे नाव त्या वेळी शब्दशः खरे होते. चित्रे छापण्यासाठी पुढे डॉस या परिचालन प्रणालीत वेगळी आज्ञा द्यावी लागे. ॲपल कंपनीच्या मॅकिंटॉश (१९८४) या संगणकात तीन कळी एकत्र दाबून पडदा चित्राच्या फाइलमध्ये साठविता येई. विंडोज प्रणालीत तीच जुनी कळ दाबल्यावर चित्र मुद्रकाकडे न जाता तात्पुरत्या स्मृतीत जाऊ लागले व तेथून ते चित्रे रंगविण्याच्या आज्ञावलीत चिकटवावे लागे. एकच चित्र त्या स्मृतीत राहत असल्याने खेळ खेळता खेळता दहा चित्रे घेणे अशक्य होते. विंडोजची २०१२ ची आठवी आवृत्ती येईपर्यंत एका झटक्यात फाइल तयार करण्याची सोय प्रणालीतच अंतर्भूत नव्हती, ही गोष्ट आज नवलाची वाटेल.

खेळाडूंना याहून सोयीचा मार्ग खेळांनीच दिला. आयडी सॉफ्टवेअर या कंपनीच्या ‘डूम’ (१९९३) या खेळात निर्मात्यांच्या उपयोगासाठी एक गुप्तप्राय सोय होती. खेळ सुरू करताना विशिष्ट शब्द लिहिल्यास एफ-१ ही कळ स्क्रीनशॉट घेई. याच कंपनीच्या ‘क्वेक’ (१९९६) मध्ये हे काम एफ-१२ या कळीकडे आले व ते सर्वांस खुले झाले. चित्र खेळाचेच असल्याने ते वाचण्यास खेळाला कोणाची परवानगी लागत नसे, हे या पद्धतीचे बळ होय. तिची उणीव अशी, की प्रत्येक खेळाची कळ निराळी, फाइलचा प्रकार निराळा व ती ठेवण्याची जागाही निराळी असे. आपण घेतलेली चित्रे कोठे गेली याचा शोध घेण्यात त्या काळच्या खेळाडूंचा पुष्कळ वेळ जाई.

त्रिमितीय चित्रांसाठी स्वतंत्र आलेखी पत्रे आल्यावर नवाच पेच निर्माण झाला. थ्रीडीएफएक्स कंपनीचे पहिले ‘व्हूडू’ पत्र (१९९६) नेहमीच्या आलेखी पत्राच्या जोडीला बसविले जाई व दोहोंमधून एक तार ओवलेली असे. खेळ सुरू झाला, की पडदा या दुसऱ्या पत्राच्या ताब्यात जाई. परिचालन प्रणालीला त्याचा पत्ता नसे. ती आपल्याजवळच्या चित्राचीच नक्कल देई. पुढे दोन्ही कामे एकाच पत्रात आली, तरी पूर्ण पडदा व्यापणारे खेळ प्रणालीला बाजूस सारून पत्राशी थेट व्यवहार करीत. अशा वेळी प्रिंट स्क्रीन कळ दाबणाऱ्याच्या हाती पुष्कळदा कोरे काळे चित्र येई. १९९९ मध्ये आलेल्या ‘फ्रॅप्स’ या आज्ञावलीने यावर तोड काढली. खेळ व आलेखी पत्र यांच्या दरम्यान ही आज्ञावली स्वतःला गुंतवून घेई व चित्र पुरे झाल्याचा इशारा खेळाने पत्राला दिला, की ते पडद्यावर जाण्यापूर्वी त्याची प्रत काढी. खेळांची विक्री व वितरण करणाऱ्या ‘स्टीम’ या सेवेने २०११ मध्ये याच धर्तीची सोय आपल्या सर्व ग्राहकांना दिली. कळ पुन्हा एफ-१२. त्यानंतर खेळ कोणताही असो, कळ तीच आणि चित्रांची जागाही तीच, अशी स्थिती आली. चित्राखाली ओळ लिहून ते इतरांस दाखविता येऊ लागले. स्क्रीनशॉट घेणे ही सर्वसामान्य खेळाडूची सवय झाली ती या सुमारास.

दृश्य व नक्कल यांतील तफावत : वर उल्लेखिलेला फरक पुढील उदाहरणांवरून स्पष्ट होईल. ‘डूम’चे चित्र ३२० × २०० चित्रबिंदूंचे होते. रुंदी व उंची यांचे हे प्रमाण ८ : ५ होते, परंतु तत्कालीन पडद्यांचे प्रमाण ४ : ३ असे. संपूर्ण पडदा भरण्यासाठी चित्र उभे ताणले जाई व प्रत्येक चित्रबिंदू रुंदीच्या १.२ पट उंच होई. खेळातील चित्रे रंगविणाऱ्यांनी हे ताणणे गृहीत धरले होते. स्मृतीतील ६४,००० संख्या जशाच्या तशा उचलून आजच्या चौकोनी चित्रबिंदूंच्या पडद्यावर दाखविल्यास त्यातील माणसे व राक्षस बसके दिसतात. अनेक पुस्तकांत व लेखांत हे बसके चित्रच छापले गेले आहे. त्यातील एकही संख्या चुकलेली नाही. पण तसे चित्र त्या काळी कोणत्याही खेळाडूने पाहिलेले नाही.

रंगांच्या बाबतीतील प्रकार याहून विलक्षण आहे. आयबीएम संगणकाच्या पहिल्या रंगीत आलेखी पत्रात चित्रासाठी एका वेळी चारच रंग मिळत, तेही बेताचे. मात्र हे पत्र दूरचित्रवाणी संचाला जोडल्यास व दोनच रंगांच्या प्रकारात काळ्या-पांढऱ्या बिंदूंच्या बारीक उभ्या रेघा विशिष्ट क्रमाने उमटविल्यास संचातील मंडलाला त्या रेघा म्हणजे रंगाचा संकेत आहे असा भास होई आणि त्याजागी निळा, नारिंगी, हिरवा असे सोळापर्यंत रंग दिसत. ‘किंग्ज क्वेस्ट’ (१९८४) यासारख्या खेळांनी संचाच्या या भ्रमाचा जाणून-बुजून उपयोग केला. हे रंग स्मृतीत कोठेही नव्हते. ते तारेच्या दुसऱ्या टोकाला जन्म घेत. स्मृतीची नक्कल केली असता मिळतात त्या केवळ रेघा.

तिसरे उदाहरण ‘पॅक-मॅन’ या खेळाच्या अटारी घरगुती यंत्रासाठी १९८२ मध्ये निघालेल्या आवृत्तीचे आहे. त्या यंत्राला एकाच वेळी फार थोड्या हलत्या आकृती दाखविता येत. म्हणून चारही भुते एकदम न दाखविता चित्रागणिक एकेक भूत दाखविण्याची युक्ती योजण्यात आली. डोळ्याच्या व पडद्याच्या मंदपणामुळे खेळणाऱ्यास चारही भुते लुकलुकताना दिसत. हा खेळ आज संगणकावर अनुकारक आज्ञावलीच्या, म्हणजे एम्युलेटरच्या, साहाय्याने खेळता येतो. तेथे घेतलेल्या स्क्रीनशॉटमध्ये एकच भूत असते आणि चित्र पाहणाऱ्यास खेळात एकच शत्रू आहे असे वाटते.

१९९९ च्या ‘व्हूडू-३’ पत्राविषयी तर या तफावतीतून वादच उद्‌भवला. प्रतिस्पर्धी पत्रे २४ बिट रंग दाखवीत असताना हे पत्र त्रिमितीय चित्रे १६ बिट रंगांत तयार करी व त्यातील ठिपकेदार खरखर, चित्र पडद्याकडे जाताना शेवटच्या टप्प्यावर गाळून टाकी. परीक्षण करणारे लोक चित्रस्मृतीतील नक्कल काढून ती छापीत. ती गाळण्यापूर्वीची असल्याने चित्र प्रत्यक्षाहून वाईट दिसे. पत्र खरेदी करावे किंवा नाही हे वाचक त्या चित्रांवरून ठरवीत असल्याने या गोष्टीला व्यापारी महत्त्व होते. अलीकडे विस्तृत तेजोमर्यादेच्या पडद्यांमुळे हाच प्रश्न नव्या रूपाने आला आहे. असे पडदे प्रत्येक रंगास ८ ऐवजी १० बिट वापरतात. त्यांवरील चित्र योग्य रूपांतर न करता ८ बिटांत कोंबल्यास सूर्यास्ताचे आकाश पांढरेफटक किंवा सर्व दृश्य धुवट होते.

फाइलचा प्रकार निवडतानाही अशीच हानी होऊ शकते. १९९२ मध्ये प्रमाणित झालेली जेपीईजी ही पद्धती छायाचित्रांसाठी आहे. ती चित्राचे ८ × ८ चित्रबिंदूंचे तुकडे पाडून डोळ्यास सहसा न जाणवणारा तपशील टाकून देते. निसर्गदृश्यात ही काटछाट खपून जाते, पण खेळातील बारीक अक्षरे, नकाशे व रेखीव कडा यांभोवती तिच्यामुळे मळकट झाक येते; काळ्यावरील तांबडी अक्षरे तर विशेष पुसट होतात. १९९६ मध्ये आलेल्या पीएनजी पद्धतीत एकही चित्रबिंदू बदलत नाही. जुन्या, मोजक्या रंगांच्या खेळांसाठी ती निःसंशय सरस होय व तिची फाइलही अशा चित्रांच्या बाबतीत लहानच होते. मोठ्या त्रिमितीय दृश्यांची पीएनजी फाइल मात्र फार जड होत असल्याने अनेक खेळ आपण होऊन जेपीईजीच तयार करतात.

पुरावा म्हणून उपयोग : जालावरून एकमेकांशी खेळल्या जाणाऱ्या खेळांत काही खेळाडू भिंतीपलीकडचा शत्रू दाखविणाऱ्या आज्ञावली चोरून वापरीत. त्यांना पकडण्यासाठी ‘पंकबस्टर’ या आज्ञावलीने २००० नंतरच्या दशकात अनपेक्षित क्षणी खेळाडूच्या पडद्याची नक्कल घेऊन ती खेळाच्या चालकांकडे पाठविण्याची पद्धत सुरू केली. लबाडी करणाऱ्यांनी नक्कल घेतली जाण्याच्या क्षणापुरती आपली आज्ञावली पडद्यावरून पुसून टाकण्याची युक्ती काढली. परिणामी स्वच्छ चित्र हा निर्दोषपणाचा पुरावा उरला नाही. येथे खेळाडूच्या नकळत त्याचा पडदा पाहण्याचा प्रश्नही गुंतलेला आहे, पण स्पर्धेच्या ओघात त्याची चर्चा त्या मानाने कमी झाली.

स्क्रीनशॉटमध्ये न दिसणारी माहिती असू शकते, हे ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’च्या खेळाडूंना २०१२ मध्ये कळून आले. या खेळाने तयार केलेल्या चित्रांत डोळ्यास न जाणवणारी एक जाळी पुन्हा पुन्हा उमटविलेली होती आणि तीत खेळाडूच्या खात्याचा क्रमांक, चित्र घेतल्याची वेळ व खेळाच्या सेवासंगणकाचा पत्ता हे संकेतरूपाने नोंदविलेले होते. खेळाची अनधिकृत केंद्रे शोधण्यास अशी खूण उपयोगी पडते हे उघड आहे. तथापि हौसेने चित्रे वाटणाऱ्यांना त्याची कल्पना देण्यात आलेली नव्हती व त्यांची तक्रार नेमकी हीच होती.

विक्रेत्याने दाखविलेला स्क्रीनशॉट हा वेगळाच विषय आहे. जाहिरातीसाठी चित्र घेताना ते विक्रीच्या यंत्रास झेपणार नाही इतक्या मोठ्या मापात तयार करून मग लहान करणे, गुण व नकाशा दर्शविणाऱ्या पट्ट्या काढून टाकणे, खेळाडूला कधीच उभे राहता येणार नाही अशा जागेवरून दृश्य दाखविणे हे प्रकार रूढ आहेत. यांतील प्रत्येक चित्र खेळातूनच निघालेले असल्याने त्यास खोटे म्हणता येत नाही आणि खरे म्हणणेही अवघड जाते. ‘नो मॅन्स स्काय’ (२०१६) या खेळात ग्रह, वनस्पती व प्राणी गणिती नियमांनी आपोआप निर्माण होतात व त्यांची संख्या इतकी प्रचंड आहे, की दोन खेळाडूंना एकच दृश्य दिसण्याचा संभव फार थोडा. विक्रीच्या पानावरील चित्रे व चलचित्रे दिशाभूल करणारी आहेत, अशा तक्रारी आल्यावरून ब्रिटनमधील जाहिरात मानक प्राधिकरणाने चौकशी केली. परंतु नोव्हेंबर २०१६ मध्ये तक्रारी फेटाळण्यात आल्या. चित्रात दाखविलेल्या गोष्टींसारख्या गोष्टी खेळणाऱ्यास भेटू शकतात, एवढे पुरेसे मानले गेले. त्याच महिन्यात स्टीम सेवेने विक्रीच्या पानावर स्क्रीनशॉट म्हणून प्रत्यक्ष खेळातीलच चित्रे असावीत, रंगविलेली कल्पनाचित्रे नसावीत, असा दंडक घातला. त्यापूर्वी तसा दंडक काटेकोरपणे पाळला जात नव्हता.

कलात्मक अंग : ‘ग्रान टुरिस्मो ४’ (२००४) या प्लेस्टेशन यंत्रावरील मोटारशर्यतीच्या खेळात मोटारी निरनिराळ्या स्थळी उभ्या करून त्यांची चित्रे घेण्याचा स्वतंत्र विभाग होता. पुढे अनेक खेळांत काळ थांबवून, कॅमेरा मोकळेपणे फिरवून व भिंगाचे गुणधर्म बदलून चित्र घेण्याची सोय आली. ती ‘फोटो मोड’ या नावाने ओळखली जाते. आलेखी पत्रे तयार करणाऱ्या एनव्हिडिया कंपनीने २०१६ मध्ये ‘ॲन्सेल’ ही प्रणाली आणली व तीत पडद्याच्या मापाहून कितीतरी मोठे चित्र तुकड्यातुकड्यांनी तयार करून जोडण्याची योजना होती. प्रणालीस नाव दिले गेले ते अमेरिकी निसर्गछायाचित्रकार ॲन्सेल ॲडम्स यांच्यावरून. डंकन हॅरिस या ब्रिटिश पत्रकाराने ‘डेड एंड थ्रिल्स’ या नावाने प्रसिद्ध केलेली चित्रे या प्रकारातील आरंभीचे व लक्षणीय काम मानली जातात. दृश्यातील प्रत्येक वस्तू दुसऱ्या कोणी घडविलेली असता ते चित्र कोणाचे, हा आक्षेप यावर घेतला जातो. शिल्प किंवा वास्तू यांच्या छायाचित्रांवरही तो घेता येईल. जागा, क्षण व चौकट यांची निवड ही छायाचित्रकाराची असते, तशीच ती येथेही असते. मात्र फोटो मोडच्या ठराविक सोयींतून निघालेली पुष्कळ चित्रे एकमेकांसारखी दिसतात, हेही खरे. [⟶ छायाचित्रण].

कायदा : खेळातील चित्रांवर निर्मात्याचा स्वामित्व हक्क असतो व स्क्रीनशॉट ही त्याची अंशतः प्रत ठरते. या विषयावरील एक महत्त्वाचा निर्णय अमेरिकेत २००० मध्ये झाला. ‘ब्लीम’ ही आज्ञावली प्लेस्टेशन यंत्राचे खेळ संगणकावर खेळण्याची सोय करी. तिच्या जाहिरातीत दोन्हींवरील चित्रे शेजारी-शेजारी छापली होती व त्यास सोनी कंपनीने हरकत घेतली. अपील न्यायालयाने तुलनात्मक जाहिरातीतील हा उपयोग न्याय्य ठरविला. शेकडो चित्रांच्या ओघातील एक स्थिर चित्र हा संपूर्ण खेळाचा अगदी क्षुल्लक अंश आहे आणि तुलनेमुळे ग्राहकास निवड करण्यास मदत होते, असा त्यामागील विचार होता. निकाल बाजूने लागूनही ब्लीम कंपनी २००१ मध्ये बंद पडली. भारतात प्रतिलिप्यधिकार अधिनियम, १९५७ यातील कलम ५२ नुसार खाजगी उपयोग, टीका वा परीक्षण आणि चालू घडामोडींचे वृत्त यांसाठी केलेला रास्त वापर हक्कभंग मानला जात नाही. खेळाडूने स्वतःसाठी ठेवलेली व परीक्षणात छापलेली चित्रे सामान्यतः या कक्षेत येतात.

जतन : जालावर चालणारे खेळ बंद झाले, की खेळाडूजवळची तबकडी निरुपयोगी होते, कारण खेळातील जग कंपनीच्या संगणकावर असते. ‘द मेट्रिक्स ऑनलाइन’ ३१ जुलै २००९ रोजी व ‘स्टार वॉर्स गॅलॅक्सीज’ १५ डिसेंबर २०११ रोजी बंद झाला. ‘सिटी ऑफ हीरोज’ (२००४) हा खेळ बंद होणार असे २०१२ च्या ऑगस्टअखेर जाहीर झाले, तेव्हा खेळाडू आपापली पात्रे घेऊन खेळातील ॲटलस पार्क या चौकात पेटत्या मशालींसह एकत्र जमले. त्या मेळाव्याची व ३० नोव्हेंबर २०१२ च्या अखेरच्या तासांची शेकडो चित्रे खेळाडूंनी घेतली. या खेळास पुढे वेगळे भाग्य लाभले. त्याचे चाहत्यांनी चालविलेले केंद्र २०१९ मध्ये उघडकीस आले आणि २०२४ मध्ये मूळ कंपनीने एका स्वयंसेवी गटास रीतसर परवाना दिला. तथापि त्यामुळे २०१२ चा तो मेळावा परत येत नाही. खेळ पुन्हा चालू करता येतो, पण त्यात जमलेली माणसे व त्यांचे त्या दिवशीचे वागणे पुन्हा चालू करता येत नाही. त्याबद्दलची साक्ष चित्रांकडेच राहते.

एकट्याने खेळावयाच्या जुन्या खेळांची स्थितीही फारशी बरी नाही. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत त्या देशात २०१० पूर्वी प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात उपलब्ध नसल्याचे आढळले. १९९९ पासून चालू असलेल्या ‘मोबीगेम्स’ या सूचीत हजारो खेळांचे स्क्रीनशॉट हौशी लोकांनी जमविलेले आहेत आणि कित्येक खेळांविषयी अभ्यासकास सहज मिळणारे दृश्यसाधन तेवढेच असते. असा संग्रह करताना चित्राबरोबर खेळाची आवृत्ती, आलेखी पत्र व पडद्याचा प्रकार, मूळ यंत्र की अनुकारक, तसेच चित्र ताणले किंवा कापले असल्यास तसा उल्लेख, ही माहिती लिहून ठेवणे आवश्यक असते. चित्रस्मृतीची अविकृत नक्कल आणि जुन्या ऋण किरण नलिकेच्या पडद्याचे कॅमेऱ्याने घेतलेले छायाचित्र या दोन्ही गोष्टी जवळजवळ ठेवण्याकडे अभ्यासकांचा कल दिसतो. पहिलीवरून यंत्रात काय होते ते कळते, तर दुसरीवरून खेळणाऱ्यास काय दिसत होते ते कळते. चालू स्थितीतील असे पडदे दिवसेंदिवस दुर्मिळ होत असल्याने यांपैकी दुसरे काम अधिक निकडीचे आहे.